खेळ मांडणारा माणूस

मैत्रिणींनो, टीव्हीवर प्रश्नोत्तरांचा कार्यक्रम लागला की आपल्या घरात काय होतं ते आठवून बघा. भाजी निवडता निवडता हात थांबतो, कुकरच्या शिट्ट्या मोजायच्या राहतात आणि समोरच्या स्पर्धकाआधी उत्तर आपल्याच तोंडून बाहेर पडतं. तो चुकला की हळहळतो आपण! २००० साली 'कौन बनेगा करोडपती' आलं तेव्हा अमिताभ बच्चन घराघरांत पोचले. २००४ साली 'होम मिनिस्टर' सुरू झालं आणि आदेश बांदेकर सगळ्यांचे भावोजी झाले. खेळ खेळवणाऱ्याचा चेहरा आपल्या लक्षात राहतो. पण खेळ मांडतो कोण? नियम कोण ठरवतं? बक्षीस किती ठेवायचं, प्रश्न किती अवघड विचारायचा, घरी बसलेल्या बाईला आपणही खेळतोय असं वाटावं म्हणून काय करायचं, हे सगळं कुणाच्या डोक्यातून येतं?

आज अशाच एका माणसाची गोष्ट सांगणार आहे. नाव मार्क गुडसन. माणूस अमेरिकेतला. त्याला जाऊनही तीस वर्षांच्या वर झाली. पण त्याच्या कंपनीनं उभे केलेले काही खेळ तिथं अजून चालू आहेत. त्याची गोष्ट मला सांगावीशी वाटली ती त्याच्या पैशांमुळे किंवा नावामुळे नाही. आयुष्यभर लोकांना प्रामाणिकपणे खेळायला लावणाऱ्या या माणसापुढं एक दिवस खराखुरा डाव आला, तेव्हा तो कसा वागला, यासाठी ही गोष्ट वाचायला हवी.

गुडसनचा जन्म १४ जानेवारी १९१५ चा, कॅलिफोर्नियातल्या सॅक्रामेंटो गावातला. आईवडील रशियातून आलेले ज्यू. परक्या देशात नव्यानं संसार मांडलेला, त्यामुळे घरची परिस्थिती बेताची. पोराला लहानपणी हौशी नाटकांत काम करायची आवड होती, पण व्हायचं होतं वकील. बर्कलीच्या विद्यापीठात त्यानं शिष्यवृत्तीवर शिक्षण घेतलं आणि उरलेला खर्च भागवायला मासळीच्या दुकानात काम केलं. १९३७ साली अर्थशास्त्राची पदवी मिळाली. तो काळ अमेरिकेतल्या महामंदीचा. वकिली मागे पडली आणि पोटापाण्यासाठी तो सॅन फ्रान्सिस्कोच्या रेडिओ केंद्रात शिरला.

तिथं रेकॉर्डी लावता लावता, जाहिराती वाचता वाचता त्याला खेळांचा नाद लागला. १९३९ साली त्यानं रेडिओवर एक प्रश्नांचा खेळ सुरू केला. त्यात स्पर्धकानं बाण मारून फुगा फोडायचा आणि त्यावरून प्रश्न ठरायचा. आता बघा हं, रेडिओवर फुगा दिसणार कसा? पण फुटल्याचा फाट् आवाज तर ऐकू येणार! ऐकणाऱ्याच्या मनात चित्र उभं राहणार. माझ्या मते गुडसनची सगळी कारकीर्द या फुग्यातच दिसते. नुसता प्रश्न विचारून भागत नाही, त्याच्याभोवती खेळ उभा करावा लागतो, हे त्याला फार लवकर उमगलं होतं.

१९४१ साली तो न्यूयॉर्कला गेला. तिथं त्याला बिल टॉडमन भेटला आणि दोघांची जोडी जमली ती जन्माची. गुडसन खेळ बघायचा, टॉडमन व्यवहार. आपल्याकडे दोन जावा मिळून घर चालवतात ना, एक स्वयंपाक आणि दुसरी हिशेब, तसंच. १९४६ साली त्यांचा पहिला मोठा खेळ रेडिओवर आला, 'विनर टेक ऑल'. त्यात दोन स्पर्धक समोरासमोर आणि जो आधी बझर दाबेल त्याला उत्तर द्यायचा मान. जिंकेल तो पुढच्या डावात नव्या स्पर्धकाशी खेळणार. आज आपल्याला यात काही नवल वाटत नाही, शाळेच्या प्रश्नमंजुषेतसुद्धा बझर असतो. पण ही रीत रुळली ती या खेळापासून. त्याआधी एकेकानं यायचं, उत्तर द्यायचं आणि जायचं. आता चुरस आली.

मग टीव्ही आला. २ फेब्रुवारी १९५० ला 'व्हॉट्स माय लाइन' सुरू झालं. म्हणजे, माझा धंदा कोणता ते ओळखा. एक साधा माणूस येऊन फळ्यावर सही करायचा. चार जणांच्या पॅनेलनं त्याला प्रश्न विचारायचे, पण उत्तर फक्त हो किंवा नाही. प्रत्येक 'नाही'ला त्या पाहुण्याला पाच डॉलर. दहा 'नाही' झाले की पाहुणा जिंकला. म्हणजे जास्तीत जास्त बक्षीस किती? पन्नास डॉलर! शेवटी एखादी प्रसिद्ध व्यक्ती यायची, तेव्हा पॅनेलच्या डोळ्यांवर पट्टी बांधायची आणि पाहुणा आवाज बदलून उत्तरं द्यायचा. राष्ट्राध्यक्षांच्या पत्नी राहिलेल्या एलिनॉर रूझवेल्ट आल्या, चित्रकार साल्वादोर दाली आला. साडेसतरा वर्षं हा कार्यक्रम चालला, त्यातला बहुतेक काळ दर रविवारी रात्री.

पन्नास डॉलरसाठी कोण बघेल, असं वाटतं ना? पण लोक बघत होते ते पैशांसाठी नाहीच. पाहुण्याचा धंदा पडद्यावर लिहून आधीच दाखवत. म्हणजे घरच्या माणसाला गुपित माहीत आणि ती चार हुशार मंडळी मात्र चाचपडतायत! ही खरी गंमत. आपण आंधळी कोशिंबीर बघताना जसं हसतो तसं.

या पॅनेलमधल्या दोन बायकांबद्दल मला मुद्दाम सांगायचंय. एक डोरोथी किलगॅलन. ही वर्तमानपत्रातली पत्रकार, मोठमोठे खुनाचे खटले कोर्टात बसून लिहिणारी. दुसरी आर्लीन फ्रान्सिस, नटी आणि फार हजरजबाबी. १९५० च्या काळात टीव्हीच्या जाहिरातींतली बाई म्हणजे एप्रन बांधून फरशी चमकवणारी. त्याच टीव्हीवर रविवारी रात्री या दोघी पुरुषांच्या बरोबरीनं बसून डोकं लढवत होत्या आणि कितीदा तरी आधी ओळखत होत्या. हे बघून कुठल्या तरी गावातल्या मुलीला बरं वाटलंच असेल.

गुडसनची कामाची पद्धत आपल्या सुगरणींसारखी होती. सगळ्या कल्पना काही त्याच्या एकट्याच्या नव्हत्या, हे आधीच सांगते. त्याच्या कंपनीत बॉब स्ट्युअर्टसारखे एकाहून एक खेळ सुचवणारे लोक होते. गुडसनचं काम ते निवडायचं, आणि निवडल्यावर घासूनपुसून लखलखीत करायचं. नवा खेळ आधी ऑफिसातच खेळून बघायचा. कुठं कंटाळा येतो, कुठं नियम समजत नाही, ते बघून काटछाट करायची. एक घाणा तळून बघायचा, मीठमसाला कमीजास्त करायचा, मगच पाहुण्यांना वाढायचं! बघणाऱ्याला नियम पटकन समजला नाही तर खेळ फसला.

माणसं जपायची रीतही होती. त्याच्या खेळांचा लाडका सूत्रसंचालक बिल कलन. त्याला लहानपणी पोलिओ झालेला, लंगडत चालायचा. त्याला फार चालावं लागणार नाही अशा बेतानं सेट मांडत, त्यामुळे कित्येक प्रेक्षकांना वर्षानुवर्षं पत्ताच नव्हता. आणखी एक गोष्ट. तेव्हा कार्यक्रम दाखवून झाला की त्याची फिल्म टाकून देत. १९५२ साली हे कळल्यावर गुडसन आणि टॉडमननं स्वतःचे पैसे भरून भाग जपून ठेवायची सोय केली. आज सत्तर वर्षांनी ते भाग बघायला मिळतात ते म्हणूनच.

आता येतो आपल्या सगळ्यांच्या जिव्हाळ्याचा खेळ. १९५६ साली आलेला 'द प्राइस इज राइट'. वस्तू समोर आणायची आणि भाव ओळखायचा. जो खऱ्या किमतीच्या सगळ्यात जवळ जाईल तो जिंकला, पण किमतीच्या वर गेला तर बाद. झालं, एवढाच नियम. १९७२ पासून हा खेळ नव्या रूपात आला आणि २००७ पर्यंत बॉब बार्कर यांनी तो चालवला. त्यात किराणा दुकानातल्या साध्या वस्तूंचे भावही विचारतात. साबणाचा डबा केवढ्याला? सूपचा डबा केवढ्याला? बरोबर सांगितलं तर थेट मोटार जिंकता येते.

आमच्या सासूबाई सातवीपर्यंत शिकल्या. पण तूरडाळ कुठल्या दुकानात किती रुपयांनी स्वस्त, गेल्या दिवाळीला तेलाचा डबा केवढ्याला होता, हे त्या झोपेतही सांगायच्या. आम्हाला त्याचं कौतुक नव्हतं. बाईला भाव माहीत असायचाच, त्यात काय मोठं? मी या खेळाविषयी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला सासूबाईच आठवल्या. राजधान्या आणि राजेरजवाडे पाठ असणं म्हणजे ज्ञान, आणि महिन्याचं वाणसामान बसवणं म्हणजे नुसतं घरकाम, ही वाटणी कुणी केली? गुडसनच्या मंडळींनी ती मोडली. बाजारहाट करणाऱ्या बाईला त्यांनी स्टेजवर बोलावलं आणि तुला जे येतं त्याचंच बक्षीस देतो म्हटलं.

अर्थात यात धंदाही होता, हे डोळ्याआड करून चालणार नाही. बक्षिसाच्या वस्तू म्हणजे कंपन्यांची जाहिरात. फ्रीज, सोफे, गाड्या अशा झगमगाटात दाखवायच्या की बघणारीला आपलं घर रिकामं वाटावं. त्या वस्तूंशेजारी हसत उभ्या राहायला सुंदर मुली. आणि खेळ खेळवणारे? जवळजवळ सगळे पुरुष. गुडसनच्या एवढ्या मोठ्या कारकिर्दीत सूत्रसंचालकाची खुर्ची बाईला क्वचितच मिळाली. बायकांच्या जिवावर चाललेल्या खेळाचं सुकाणू बायकांच्या हाती नव्हतं.

त्याच सुमाराला अमेरिकेत एक मोठं प्रकरण उघडकीला आलं. १९५५ पासून भल्यामोठ्या रकमांचे प्रश्नांचे कार्यक्रम सुरू झाले होते. चौसष्ट हजार डॉलर, लाख डॉलर! सारा देश टीव्हीला चिकटलेला. 'ट्वेंटी वन' नावाच्या कार्यक्रमात चार्ल्स व्हॅन डोरेन नावाचा तरुण प्राध्यापक जिंकत गेला आणि हिरो झाला. पुढं कळलं की त्याला उत्तरं आधीच दिलेली असायची. कपाळावरचा घाम पुसणं, विचारात पडणं, सगळं नाटक. १९५९ साली त्यानं संसदेच्या समितीपुढं कबूल केलं. लोकांना घरच्याच माणसानं फसवल्यासारखं वाटलं. १९६० साली असे खेळ ठरवून खेळवणं हा कायद्यानं गुन्हा झाला. त्या वादळात कितीतरी कार्यक्रम बंद पडले, पण गुडसनचे मोठे खेळ टिकले. पन्नास डॉलरच्या बक्षिसासाठी कोण कशाला चोरी करेल? ज्या खेळाची गंमत पैशात नसते, त्याला लबाडीची गरजच पडत नाही.

इथपर्यंत सगळं छान. पण आता तो डाव, ज्याच्याबद्दल मी सुरुवातीला म्हटलं.

१९५० नंतरची ती वर्षं अमेरिकेत फार भीतीची होती. कम्युनिस्ट असल्याचा नुसता संशय आला तरी माणसाची नोकरी जायची. जून १९५० मध्ये एक पुस्तिका निघाली. तिच्यात रेडिओ-टीव्हीतल्या दीडशे लोकांची नावं होती. नाव आलं की काम बंद. खटला नाही, सुनावणी नाही, काय केलं ते सांगणंही नाही. सिरॅक्यूज गावात लॉरेन्स जॉन्सन नावाचा एक सुपरमार्केटवाला होता. तो प्रायोजक कंपन्यांना धमक्या द्यायचा, अमक्या नटाला काढलं नाही तर तुमच्या मालाशेजारी तुमच्याविरुद्ध पाटी लावीन. बघा, शस्त्र कुठलं? किराणा दुकानातली फळी! मोठमोठ्या कंपन्या त्याला घाबरल्या. बाई सामान घ्यायला जाते तिथंच माणसांच्या भाकरीचा निकाल लागत होता.

गुडसनच्या कार्यक्रमांवरही ही सावली पडली. कुणालाही घेण्याआधी नावं वर पाठवून मंजूर करून घ्यावी लागत. एखादं नाव परत यायचं, कारण विचारायचं नाही. तो मुकाट्यानं दुसरं नाव शोधायचा. कंपनी नवी, हाताखाली माणसं, प्रायोजक गेला तर सगळंच बुडणार. आपल्याला ही अवस्था ओळखीची आहे, नाही का? घरात, ऑफिसात, सोसायटीत चुकीचं घडताना दिसतं, पण आपला संसार डोळ्यांपुढं येतो आणि आपण गप्प बसतो.

मग ॲना ली नावाच्या नटीची पाळी आली. त्याच्या एका कार्यक्रमात ती पॅनेलवर होती. मूळची इंग्लंडची, राजकारणाशी काही संबंध नाही. तिला काढा असा निरोप आला. चौकशी केली तर कळलं की नावाचा घोटाळा आहे, ती कम्युनिस्ट ॲना ली दुसरीच कुणीतरी. तरी प्रायोजकांकडची माणसं म्हणू लागली की लोकांत बोभाटा होण्याआधी हिलाच जाऊ दे. या वेळी मात्र गुडसन अडला. त्यानं तिला काढायला नकार दिला. ॲना ली राहिली.

पुढं जॉन हेन्री फॉक नावाच्या रेडिओवरच्या माणसानं, ज्याची अशीच बदनामी झाली होती, बदनामी करणाऱ्यांवर खटला भरला. १९५६ साली भरलेला खटला १९६२ साली उभा राहिला. साक्षीला यायला लोक कचरत होते. ज्यांच्याकडून रोजची कामं मिळायची त्यांच्याविरुद्ध बोलायचं होतं ना! मार्क गुडसन साक्षीला उभा राहिला. अशा याद्या खरोखर होत्या, निरपराध माणूससुद्धा केवळ वादात नको म्हणून गाळला जायचा, हे त्यानं कोर्टात शपथेवर सांगितलं. फॉक जिंकला. ज्यूरीनं त्याला पस्तीस लाख डॉलरची भरपाई दिली. पुढच्या कोर्टात ती रक्कम बरीच कमी झाली, पण काळ्या यादीची भीती मोडायला त्या निकालानं मोठा हातभार लावला.

गुडसननं यावर स्वतःची पाठ थोपटून घेतली नाही. जवळजवळ तीस वर्षांनी, १९९१ साली, त्यानं न्यूयॉर्क टाइम्समध्ये लेख लिहिला, आणि त्याचा सूर होता की मी आधीच उभा राहायला हवं होतं. पंच्याहत्तरी उलटलेल्या, नाव-पैसा सगळं मिळालेल्या माणसानं हे लिहायची काही गरज नव्हती. सगळे विसरले होते. त्यालाच विसरता येत नव्हतं.

त्यानंतरची कारकीर्द यशाची आहे. १९६१ साली 'पासवर्ड' आलं. एका शब्दाचा इशारा द्यायचा आणि जोडीदारानं मनातला शब्द ओळखायचा. त्याचा सूत्रसंचालक ॲलन लडन, आणि एकदा पाहुणी म्हणून आली अभिनेत्री बेटी व्हाइट. लडननं तिला मागणी घातली, ती वर्षभर नाही म्हणत राहिली. शेवटी १९६३ साली लग्न झालं. खेळात शब्द पटकन ओळखणारीनं होकाराला मात्र वेळ घेतला! १९७६ साली 'फॅमिली फ्यूड' आलं. दोन कुटुंबं समोरासमोर आणि प्रश्न असे की शंभर लोकांना विचारल्यावर ते काय म्हणाले ते ओळखा. इथं पुस्तकातलं बरोबर उत्तर चालत नाही, चारचौघांच्या मनातलं उत्तर लागतं. जी बाई चार घरं जाणते, ती यात पहिली!

संसारात मात्र गुडसनचा डाव बसला नाही. तीन लग्नं झाली, तिन्ही मोडली. तीन मुलं, त्यातला मुलगा जोनाथन पुढं वडिलांच्याच व्यवसायात आला. टॉडमन १९७९ साली गेला. १९९० साली गुडसनला जीवनगौरवाचा एमी पुरस्कार मिळाला. १८ डिसेंबर १९९२ ला न्यूयॉर्कमध्ये कर्करोगानं त्याचं निधन झालं, वय सत्त्याहत्तर.

मला त्याच्याकडून दोन गोष्टी घ्याव्याशा वाटतात. एक, आपल्याला जे येतं ते कमी समजायचं नाही. भाव, माणसं, शेजारपाजाऱ्यांच्या मनातलं, हेही ज्ञानच. आणि दुसरी, उभं राहायला उशीर झाला तरी उभं राहावं. उशीर सलत राहतो, पण गप्प राहिल्यानं फॉकचं काय झालं असतं?

आणि हो, पुढच्या हळदीकुंकवाला किंवा महिला मंडळात 'माझा धंदा ओळखा' जरूर खेळा. एकीनं चिठ्ठीवर एक काम लिहायचं, बाकीच्यांनी फक्त हो-नाहीचे प्रश्न विचारायचे, दहा 'नाही' झाले की ती जिंकली. वाण म्हणून एखादा गूळाचा खडा पुरे. फक्त चिठ्ठीत डोकावायचं नाही हं!